सुराला उंबरठा नसतो



मागच्या गुरुवारी बेळगावच्या आमच्या भगिनी मंडळात स्वाध्यायाला विषय होता 'समत्व'. बोलता बोलता गाण्याची गोष्ट निघाली, ती सगळ्यांसाठी देत आहोत.

उस्ताद अल्लादिया खाँसाहेब मूळचे राजस्थानकडचे. छत्रपती शाहू महाराजांच्या आश्रयाने कोल्हापूरला आले नि आपल्या भागाचेच झाले. एकदा ते औषधोपचारासाठी सांगलीत होते. येता-जाता एका घरातून रियाज ऐकू यायचा. एक दिवस ते आपणहून आत गेले. गाणारी होती गोव्यातल्या कुर्डी गावची मोगूबाई. आई लहानपणीच गेलेली, नाटक मंडळी सुटलेली. कलावंत समाजातल्या मुलीचं गाणं तेव्हा लोकांना हवं असे, पण मान द्यायची तयारी नसे. खाँसाहेबांनी फक्त सूर पाहिला आणि शिकवायला बसले. याच मोगूबाई कुर्डीकरांना 1974 साली पद्मभूषण मिळालं. किशोरी आमोणकर त्यांच्या कन्या आणि शिष्या.

खाँसाहेबांचे चिरंजीव मंजी खाँ आणि भुर्जी खाँ यांनी आपल्या शेजारच्या धारवाडचे मल्लिकार्जुन मन्सूर घडवले. गुरू मुसलमान, शिष्य लिंगायत, घरची भाषा कानडी. विद्या कुठे अडली नाही.

यातून बोध काय? नुसती वाहवा केल्याने भिंत पडत नाही. वाहवा तर तेव्हाही होत होती! जवळ बसवून घेतलं, आपल्याजवळचं दिलं, तेव्हा ती पडली.

हे बोलताना आमचीच मान खाली गेली. सभागृहाची झाडलोट करणाऱ्या ताईंचा गळा फार गोड. आम्ही दर वेळी कौतुक करायचो, पण त्या बसायच्या दाराशी, चपलांजवळ. त्यांचा चहाचा पेलाही वेगळा. कोणी ठरवलं नव्हतं, पण कोणी मोडलंही नव्हतं. त्या दिवशी आम्ही त्यांना पेटीशेजारी बसवून भजन सांगायला विनवलं. आधी त्या संकोचल्या. एक-दोघी ज्येष्ठ भगिनींना रुचलं नाही, त्या चहा न घेता गेल्या. त्यांच्यावर रागावायचं नाही, पण वेगळा पेलाही पुन्हा काढायचा नाही, असं आम्ही ठरवलं.

या सप्ताहाचा अभ्यास: आपल्या केंद्रात दाराशी कोण बसतं ते पाहा. त्यांच्याकडून एक भजन शिका, शिष्य होऊन.

जय गुरुदेव.