मैफल टिपणाऱ्या कॅमेऱ्याचे धडे

१. आधी ताल शिका, लेन्सचं मागाहून. तबलजीने तिहाई उचलली की पहिल्या फेरीत फ्रेम लावायची, दुसरीत फोकस, तिसरीत हात स्थिर. सम आली की शॉट तयार पाहिजे. ‘तबला टाइट’ अशी हेडफोनवरची ऑर्डर ऐकून लेन्स फिरवली, तर तोवर श्रोत्यांची दादही देऊन होते. तीनतालाच्या सोळा मात्रा मी अजूनही बोटांवर मोजतो.

२. दिव्यांची ओळख साउंडचेकला करून घ्या. गर्द निळा किंवा लाल एलईडी चेहऱ्यावर पडला की नाक-डोळे सपाट होतात, आणि उडालेला रंग नंतर कुठल्याच सॉफ्टवेअरमध्ये परत येत नाही. आपली वीज पन्नास हर्ट्झची, म्हणून शटर सेकंदाच्या एकपन्नासांशावर. मागच्या एलईडी भिंतीवर पट्टे दिसले तर मात्र तिथेच जुळवून घ्यायचं. आमच्या नवी मुंबईत नेरूळला डी. वाय. पाटील स्टेडियममध्ये जानेवारी 2025 मध्ये कोल्डप्ले झालं, तेव्हा प्रेक्षकांच्या मनगटांवरही दिवे होते. अशा वेळी गर्दी हाही रंगमंचच.

३. मिक्सरची फीड घ्या, पण सभागृहाचा माइक वेगळा लावा. नुसत्या फीडमधली मैफल ओसाड वाटते.

४. गाणं संपलं तरी कॅमेरा चालू ठेवा. 1976 साली सॅन फ्रान्सिस्कोत दिग्दर्शक स्कॉर्सेसी ‘द लास्ट वॉल्ट्झ’ हा मैफलीचा चित्रपट चित्रित करत होते. ब्लूज गायक मडी वॉटर्स गायला लागले तेव्हा बाकीचे कॅमेरे फिल्म बदलण्यासाठी थांबलेले. लास्लो कोव्हाक्स यांचा तेवढा चालू होता. ते गाणं आज पाहता येतं ते त्या एका कॅमेऱ्यामुळे.

५. हळदीचं काम कमी लेखू नका. उलव्याच्या आसपासच्या आगरी-कोळी गावांत हळद रात्रभर रंगते. बेंजो, नाच, धक्काबुक्कीत खांद्यावर कॅमेरा. हात तिथेच तयार होतो. पण माझा जीव अडकतो तो धवलारणींत. लग्नविधीच्या वेळी धवले गाणाऱ्या या बायका बहुतेक व्हिडिओत दोन सेकंद दिसतात, तेही खाली डीजेचं गाणं लावून. नवी मुंबई विमानतळासाठी उलवे, तरघर, कोंबडभुजे अशी दहा गावं उठली. 8 ऑक्टोबर 2025 ला विमानतळाचं उद्‌घाटनही झालं. मांडव आता नव्या वसाहतींत पडतात, आणि धवले पाठ असणाऱ्या बायका थकत चालल्या आहेत. म्हणून पाहुण्यांची गडबड सुरू होण्याआधी त्यांच्याजवळ बसा. पदराला छोटा माइक, एकच कॅमेरा, कट नाही. अख्खा धवला होऊ द्या. कोण गातंय, कुठल्या गावची, हे त्यांच्याच तोंडून बोलवून घ्या. एक प्रत लग्नघरी द्या, दुसरी धवलारणीच्या फोनवर टाका. फाइल हलकी करा, नाहीतर तिच्या फोनमध्ये ती उघडणार नाही.