आजीची भूमिका नाकारलेल्या भाचीस

मँचेस्टर

चि. बाळ हीस,



नाशिकच्या मावशीने परवा फोनवरून जी खबर दिली ती ऐकल्यापासून माझे कशात लक्ष लागेनासे झाले आहे. नव्या नाटकातील आजीची भूमिका तू नाकारलीस, एवढेच नव्हे, तर ‘यापुढे मला कोणत्याही कामासाठी विचारू नये’ असे संस्थेला लेखी कळविण्याच्या बेतात आहेस आणि घरात कोणाशी धड बोलत नाहीस, असे तिचे म्हणणे. मावशी राईचा पर्वत करते हे जाणून मी अक्काला विचारले, तर तिने विषय टाळून पावसापाण्याचे काढले. आणि अक्का विषय टाळते तेव्हा काय समजायचे, हे आपल्या घरात सांगावे लागत नाही. ते पत्र तू धाडलेस काय, एवढे मला आधी कळव.

‘एकदा आजी केली की शेवटपर्यंत आजीच करावी लागेल, चव्वेचाळिसाव्या वर्षी हे नशिबी यावे?’ असे तू म्हणालीस म्हणे. हे उद्गार तुझ्या तोंडी मला मुळीच रुचले नाहीत. वाड्याच्या ओटीवर माईंचे लुगडे गुंडाळून, त्यांची काठी हाती घेऊन, त्यांच्या खोकल्यासकट सारी लकब इतकी हुबेहूब वठविणारी, की खुद्द माईंनी हसता हसता डोळे पुसावेत, अशी जी मुलगी मी पाहिली, तिने वार्धक्याच्या भूमिकेत कमीपणा मानावा, याचा मला राग आला आहे, आणि तो मी लपवीत नाही.

आमच्या इकडे लिझ स्मिथ नावाची एक नटी होऊन गेली. चॉकलेटच्या कारखान्याचा २००५ सालचा जो चित्रपट तुझ्या मुलाने पुनःपुन्हा पाहिला, त्यात एकाच पलंगावर पडून असलेल्या चार आजीआजोबांपैकी जॉर्जिना आजी ती. पण इंग्लंडातील माणूस तिला ओळखतो तो दूरचित्रवाणीमुळे. ११ डिसेंबर १९२१ रोजी लिंकनशायरमधील स्कन्थॉर्प या पोलादाच्या गावी तिचा जन्म झाला. ती दोन वर्षांची असताना आई बाळंतपणात गेली, पुढे वडीलही घर सोडून गेले, आणि मुलीचा सांभाळ आजीने केला. महायुद्धात ती नौदलाच्या महिला दलात रुजू झाली आणि त्या नोकरीत हिंदुस्थानातही येऊन गेली. लग्न झाले, दोन मुले झाली, संसार मोडला. त्यानंतरची वर्षे तू नीट ध्यानात घे. घर चालविण्यासाठी ती प्लास्टिकच्या पिशव्यांच्या कारखान्यात राबली, मिळेल ते काम तिने पत्करले, आणि उरल्या वेळात चार्ल्स मॅरोविट्झच्या मंडळीत आयत्या वेळी प्रसंग उभे करण्याचा अभ्यास करीत राहिली. त्या अभ्यासातून पुढे काही निष्पन्न होईल असा दाखला तिला कोणी दिलेला नव्हता.

नाताळच्या हंगामात लंडनच्या हॅम्लीज दुकानात ती खेळणी विकत असताना माइक ली नावाच्या एका तरुण दिग्दर्शकाचे तिला बोलावणे आले. संहितेवाचून, तालमीतूनच पात्र घडवू शकेल अशी प्रौढ बाई त्याला हवी होती. ‘ब्लीक मोमेंट्स’ हा तो चित्रपट १९७१ सालचा. म्हणजे पन्नाशीच्या उंबरठ्यावर बाईंची खरी कारकीर्द सुरू झाली. बाळ, तुला अद्याप चव्वेचाळीस पुरी व्हायची आहेत.

त्याच दिग्दर्शकाने १९७३ साली बीबीसीसाठी केलेले ‘हार्ड लेबर’ तू मिळवून पाहा. आमच्या शेजारच्या सॅलफर्डची ती कथा. मिसेस थॉर्नली ही दुसऱ्यांच्या घरची धुणीपुसणी करणारी, घरी परतून नवऱ्याचे व मुलांचे करणारी बाई. नवऱ्याच्या केसाळ पाठीला ती मलम चोळते असा त्यात एक प्रसंग आहे. ती तक्रार करीत नाही, सुस्काराही टाकीत नाही. तिचे हात तेवढे पाठीवर फिरत राहतात, आणि त्या हातांच्या चालीवरून तिचा सारा संसार आपल्यासमोर उलगडतो. दिवसभर उभे राहून नोकरी केलेल्या शरीराला जे ठाऊक असते ते तिने तेथे उपयोगात आणले, असे मला प्रत्येक वेळी वाटते. म्हणूनच, तू पोटासाठी नोकरी धरणार असशील तर माझी यत्किंचितही हरकत नाही. ती अवश्य धर. माझी हरकत आहे ती त्या लेखी नकाराला.

पुढचे थोडक्यात सांगतो. युद्धोत्तर रेशनिंगच्या दिवसांत चोरून पोसलेल्या डुकराची गोष्ट सांगणाऱ्या ‘अ प्रायव्हेट फंक्शन’ या १९८४च्या चित्रपटात मॅगी स्मिथच्या वृद्ध आईची भूमिका करून तिने साहाय्यक अभिनेत्रीचे बाफ्टा पारितोषिक पटकावले, ‘द व्हिकर ऑफ डिब्ली’मध्ये भलत्याच जिनसा एकत्र करून पदार्थ रांधणारी लेटिशिया क्रॉपली केली, आणि १९९८ पासून ‘द रॉइल फॅमिली’मधील नाना, म्हणजे आजी. सगळे कुटुंब टीव्हीसमोर बसून आहे आणि मध्ये ही म्हातारी, कधी हट्टी, कधी लबाड, कधी केविलवाणी. २००६ साली त्या मालिकेचा एक विशेष भाग झाला. त्यात आजीचा बिछाना बैठकीच्या खोलीतच मांडलेला आहे, आणि तिची मुलगी तिचे केस विंचरून नीट बसविते. तुझी मामी माझ्या शेजारी बसून तो भाग पाहत होती. तिने मध्येच माझा हात धरला. आम्ही दोघेही आपापल्या आईच्या अखेरच्या दिवसांत हजारो मैल दूर होतो, हे तुला ठाऊक आहेच. पुढच्या वर्षी ब्रिटिश कॉमेडी पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरली ती हीच आजी, पंचाऐंशी वर्षांची.

तिला बोलावणे आले तसे प्रत्येकीला येत नाही, हे मी जाणतो. त्या दुकानात तिच्या शेजारी उभ्या असलेल्या दुसऱ्या कोणा गुणी बाईला ते कधीच आले नसेल. परंतु तुला तर ते आले आहे, आणि तू ते परत धाडावयास निघाली आहेस!

सांगलीस कॉलेजात असताना राज्य नाट्यस्पर्धेसाठी आम्ही रात्र रात्र तालमी करीत असू. इकडे आल्यावर पाळीच्या नोकरीत तालमी चुकू लागल्या, मग मुले झाली, घराचे हप्ते आले, आणि मंडळाच्या नाटकांसाठी बोलावणारे हळूहळू थांबले. माझ्याकडून कोणी लेखी नकार मागितला नव्हता. तो न मागताच दाखल झाला. आजही कोणाचे नाटक पाहताना पहिल्या अंकाचा पडदा वर जाऊ लागला की छातीत धडधडते आणि आपण चुकीच्या बाजूला बसलो आहोत असे वाटते. ते दुःख तुझ्या वाट्यास येऊ नये, एवढ्याचसाठी हा खटाटोप.

मी फार कठोर लिहिले. दादा गेल्यापासून अक्काची औषधे, मुलाची शाळा आणि रात्रीचे दौरे या सर्वांचे ओझे तू एकटी कशी वाहतेस, हे मला दुरून का होईना दिसते. कदाचित तू आजीच्या भूमिकेला नाही म्हटलेच नसशील. तू केवळ थकली असशील, आणि थकलेल्या माणसाला सगळीच दारे लावून घ्यावीशी वाटतात. तसे असेल तर महिनाभर विश्रांती घे. तेवढ्या काळात अक्काजवळ दिवसभर बाई ठेवण्याच्या खर्चाची तजवीज मी करतो. त्याविषयी हुज्जत घालू नकोस. मामाने भाचीसाठी एवढे करावे, हा माझा हक्क आहे.

भूमिका करावी की न करावी, याचा निर्णय मग तूच घे. मी पुन्हा विचारणार नाही. पण ते पत्र अजून टपालात पडले नसेल तर पडू देऊ नकोस, आणि पडले असेल तर संस्थेच्या चालकांना स्वतः जाऊन भेट. रविवारी तुमच्या सायंकाळी सहा वाजता मी फोन करीन. तो अक्काकडे देऊ नकोस, तूच उचल.

मुलास गोड पापा. अक्कास सा. नमस्कार.

कळावे, हे आशीर्वाद.

तुझा,
मामा