मध्यकर्णाची रचना व तिचें कार्य

आपण कान म्हणून जो हातानें धरतों, तो श्रवणेंद्रियाचा केवळ बाहेरचा भाग होय. बाह्यकर्ण, मध्यकर्ण व अंतःकर्ण असे कानाचे तीन भाग असून, त्यांपैकीं मधल्या भागाचा येथें विचार करूं.

कानाच्या नळीच्या शेवटीं कर्णपटल नांवाचा सुमारें ९ मिलिमीटर व्यासाचा पातळ पडदा आहे. त्याच्या पलीकडील हवेनें भरलेली लहानशी पोकळी, तोच मध्यकर्ण. तींत हातोडी, ऐरण व रिकीब अशीं आकारावरून नांवें पडलेलीं तीन हाडें एकास एक जोडलेलीं आहेत. हातोडीची मूठ पडद्यास चिकटलेली असते. रिकिबीचा तळ अंतःकर्णाच्या अंडाकृति खिडकींत बसतो. रिकिबीची उंची अवघी ३ मिलिमीटरच्या आसपास. सर्व शरीरांत हिच्याहून लहान हाड नाहीं.

एवढी योजना कशासाठीं? विहिरींत बुडी मारली असतां कांठावरची हांक नीट ऐकूं येत नाहीं, कारण हवेंतील ध्वनि पाण्याच्या पृष्ठभागावरून बहुतेक सर्व परत फिरतो. अंतःकर्णांतही पाण्यासारखा द्रव आहे. तेव्हां तीच अडचण तेथें आली असती. ती मध्यकर्ण दूर करतो. पडद्याचें कंप पावणारें क्षेत्र रिकिबीच्या तळाच्या सुमारें १७ पट आहे. मोठ्या क्षेत्रावरील जोर लहान जागीं एकवटतो, हाडांच्या तरफेनें त्यांत थोडी भर पडते, आणि दाब २० पटींहून अधिक वाढतो.

पडद्याच्या दोन्ही बाजूंस हवेचा दाब सारखा पाहिजे. त्यासाठीं मध्यकर्णापासून नाकाच्या मागील भागापर्यंत एक नळी गेली आहे. इटालियन शारीरज्ञ बार्तोलोमेओ एउस्ताकी याच्या १५६४ सालीं छापलेल्या ग्रंथांत तिचें वर्णन आहे. त्याच्याच नांवानें ती ओळखली जाते. बोरघाट उतरतांना कानांत दडे बसतात व आवंढा गिळतांच सुटतात, तें ह्या नळीचें तोंड उघडल्यामुळें.

लहान मुलांत ही नळी आंखूड व बरीच आडवी असते. म्हणून पडसें झालें असतां रोग तींतून कानांत सहज शिरतो. पू सांठून ठणका लागतो. पडदा फुटून कान वाहूं लागला म्हणजे ठणका थांबतो, आणि आईबापांस वाटतें, दुखणें गेलें. तें गेलेलें नसतें. कित्येकदां तर मुळींच न दुखतां पडद्यामागें द्रव सांठून राहतो व ऐकूं कमी येतें. यास्तव हांकेस ओ न देणारा मुलगा उनाड वा मंद ठरविण्यापूर्वीं त्याचे कान तपासून घ्यावे. वाहत्या कानांत तेल किंवा काडी घालूं नये, डॉक्टरांस दाखवावें. आणि पालक असोत वा आम्ही शिक्षक, कानावर चपराक मारण्याची संवय सर्वांनींच सोडावी. तेवढ्या एका तडाख्यानेंही हा नाजूक पडदा फाटूं शकतो.