निखाऱ्यावरील स्टेक : पाहुणचारांतील एक शास्त्रपाठ

स्वयंपाक हें शास्त्र कीं कला, हा वाद जुना आहे. इटलींतील पेल्लेग्रीनो आर्तूझी या गृहस्थानें आपल्या १८९१ सालच्या पाकग्रंथाच्या नांवांतच हे दोन्ही शब्द घालून तो वाद आपल्यापुरता मिटवून टाकला. त्या ग्रंथांत फ्लॉरेन्स शहराच्या एका प्रसिद्ध पदार्थाची कृति दिलेली आहे. त्याचें नांव 'बिस्तेक्का आला फियोरेन्तीना', म्हणजे निखाऱ्यावर भाजलेला, हाडासह कापलेला गोमांसाचा तुकडा. 'बिस्तेक्का' हा शब्द इंग्रजी 'बीफस्टेक'वरूनच तयार झाला आहे. गोमांस सर्वांच्या घरीं चालतें असें नाहीं. परंतु या पदार्थापासून जो पाठ घ्यावयाचा, तो कोणाच्याही चुलीपाशीं उपयोगी पडेल.

या पदार्थांत मसाला नाहीं, रस्सा नाहीं. मांस, अग्नि, मीठ व मिरीं एवढीच सामग्री. त्यामुळें करणाराची चूक झांकावयास कांहींच उरत नाहीं. टस्कनी प्रांतांत कियानीना नांवाची पांढरी, प्रचंड देहाची गुरें आहेत. त्यांच्या कमरेकडील भाग यासाठीं उत्तम मानतात. आर्तूझीनें एक ते दीड बोट जाडी सांगितली आहे. आज फ्लॉरेन्समध्यें तुकडा पुष्कळच जाड, सुमारें पांच सेंटिमीटरांचा, कापतात. असा सव्वा किलोचा एक तुकडा तीन-चार पाहुण्यांस पुरतो.

आतां शास्त्राकडे वळूं. मांस प्रथम प्रखर आंचेवर धरलें असतां त्यावर कवच बनतें व आंतील रस कोंडला जातो, असें पुष्कळ दिवस शिकविलें जात असे. युस्टुस फॉन लीबिग या थोर जर्मन रसायनशास्त्रज्ञानें १८४७ सालीं मांसावरील आपल्या ग्रंथांत या विचारास आधार दिला, आणि एवढ्या मोठ्या नांवापुढें स्वयंपाकघरांतून कोणी शंका काढली नाहीं. परंतु १९३० नंतरच्या दशकांत मांस भाजण्यापूर्वीं व भाजल्यावर तोलून पाहण्यांत आलें, तेव्हां कवच आलेल्या मांसाचा रस कमी गेला असें आढळलें नाहीं. हॅरोल्ड मॅगी या लेखकानें १९८४ सालीं हीच गोष्ट सामान्य वाचकांपुढें मांडली. खरें पाहतां तराजूचीही गरज नाहीं. तुकडा जाळीवर असतांना जो चुर्र असा आवाज सतत चालतो, तो बाहेर येणाऱ्या पाण्याचाच असतो. कवच जलाभेद्य असतें, तर तो आवाज थांबला असता.

मग प्रखर आंच कशासाठीं? चवीसाठीं. फ्रेंच शास्त्रज्ञ लुई कामीय मायार यानें १९१२ सालीं दाखविलें कीं, प्रथिनांतील आम्लें व शर्करा एकत्र तापलीं असतां तपकिरी रंगाचीं नवीं द्रव्यें उत्पन्न होतात. भाकरीच्या डागांतील खमंगपणा बराचसा याच क्रियेचा. ही क्रिया जलद होण्यास सुमारें १४० अंश सेंटिग्रेड उष्णता लागते. आणि पृष्ठभाग ओला असेपर्यंत तो १०० अंशांच्या फारसा वर जात नाहीं. म्हणून तुकडा जाळीवर ठेवण्यापूर्वीं स्वच्छ फडक्यानें अगदीं कोरडा करावा. मीठ पाणी ओढून पृष्ठभाग ओला करतें. याकरितां तें शेवटीं घालण्याची आर्तूझीची सूचना योग्यच आहे.

आंतील भागाचा नियम मात्र निराळा आहे. तेथें ५० अंशांच्या सुमारास तंतु घट्ट होऊं लागतात. ६० च्या पुढें त्यांचीं आवरणें आकसून रस पिळून काढतात. ७० वर मांस करडें व शुष्क होतें. बाहेर प्रखर व आंत सौम्य, असा हा दुहेरी हिशेब आहे.

कृति अशी : मांस थंड पेटींतून दीड-दोन तास आधीं काढावें. लांकडी कोळसे पेटवून त्यांवर पांढरी राख धरूं द्यावी, ज्वाळा नसाव्या. एका बाजूस पांच मिनिटें, दुसऱ्या बाजूस पांच मिनिटें भाजावें व नंतर हाडावर उभें करून आणखी तितकाच वेळ ठेवावें. उलटण्यास चिमटा घ्यावा. खालीं काढल्यावर दहा मिनिटें तसेंच राहूं द्यावें. या अवधींत आंतील उष्णता कांहीं अंश वाढून सर्वत्र सारखी होते. मग मीठ व मिरीं घालून जाड कापे करावे आणि ऑलिव्ह तेल घातलेल्या उकडलेल्या पांढऱ्या घेवड्याबरोबर वाढावे. कापतांना जो तांबडा द्रव दिसतो तें रक्त नव्हे. तें स्नायूंतील मायोग्लोबिन या द्रव्यानें रंगलेलें पाणी होय.

फ्लॉरेन्सची रीत आंतून लाल ठेवण्याची आहे. येथेंच यजमानाची खरी परीक्षा होते. अखंड तुकड्यावरील जंतु बहुधा पृष्ठभागावर असतात व आंचेनें मरतात. खिम्यांत ते सर्वत्र मिसळलेले असतात. तथापि अमेरिकेच्या कृषिखात्याची सूचना अशी आहे कीं, अखंड तुकडा आंत ६३ अंशांपर्यंत तापवून तीन मिनिटें ठेवावा, आणि खिमा ७१ अंशांपर्यंत शिजवावा. फ्लॉरेन्सची रीत याच्या पुष्कळच अलीकडे थांबते. पंक्तींत वृद्ध, गर्भवती, लहान मूल अथवा आजारी मनुष्य असेल, तर त्याचा वांटा पुन्हा आंचेवर ठेवावा. 'अस्सल रीत अशीच आहे' असें सांगून अर्धकच्चें त्याच्या पानांत वाढूं नये. कोणास काय चालतें व कितपत शिजलेलें आवडतें, हें आमंत्रण देतांनाच विचारून घ्यावें. भिडस्त पाहुणा पानावर बसल्यानंतर बोलत नाहीं.

तात्पर्य, या एका पदार्थांत दोन गोष्टी शिकावयाच्या आहेत. थोरांचें मत आदरानें ऐकावें, परंतु तोलून पाहण्यास संकोच करूं नये, ही पहिली. रीत पाहुण्यासाठीं असते, पाहुणा रीतीसाठीं नसतो, ही दुसरी. पहिली तराजूपाशीं शिकतां येते. दुसरी शिकण्यास पंक्तींत वाढावयास उभें राहिलें पाहिजे.