कस्टम मॅच लावायची? आधी हिशेब बघा

दहा जणांनी आपापसात शूटर गेम खेळायचा, बाहेरचा कुणी घ्यायचा नाही, नकाशा आणि नियम आपले. अशा कस्टम मॅचला किती पैसे लागतात, हे गेमवर ठरतं. काही गेममध्ये रूम उघडायला एक रुपयाही पडत नाही, काहींत कार्ड लागतं, तर काहींत हौस वाढली की सर्व्हर भाड्याने घ्यावा लागतो. पण रूमचा खर्च बहुतेक वेळा किरकोळच असतो. पैसे जातात ते कॅफेच्या खुर्च्यांवर, बंद करायला विसरलेल्या सर्व्हरवर आणि अनोळखी माणसाने पाठवलेल्या क्यूआर कोडवर.

सगळ्यात स्वस्त सौदा व्हॅलोरंटचा. २०२० सालच्या जूनमध्ये आलेला हा गेम फुकट आहे आणि कस्टम मॅचही फुकट. खेळाच्या प्रकारांच्या ओळीत कस्टमवर जायचं, पार्टी कोड काढायचा, ग्रुपवर टाकायचा. नकाशा, मोड आणि सर्व्हर निवडा. सर्व्हर मुंबईचा आहे ना, हे नीट बघा. लॉबी उघडणारा मित्र दुबईत किंवा सिंगापुरात असेल तर हे हमखास चुकतं आणि मग सगळे पिंगच्या नावाने बोटं मोडतात. पर्यायांत चीट्स बंद ठेवा. ती सोय सरावासाठी आहे, त्यात गोळ्या संपत नाहीत. टुर्नामेंट मोड चालू केला तर टाइम-आउट घेता येतो. बरोबरी झाल्यावर दोन राउंडच्या फरकाने निकाल लागावा, असाही पर्याय आहे. तो आधी दोन्ही संघांना विचारून ठरवा, नाहीतर १२-१२ला वाद ठरलेला. या मॅचचा रँकवर काही परिणाम होत नाही.

घरोघरी पीसी नसेल तर मात्र कॅफे गाठावा लागतो आणि खरा खर्च तिथेच. दर शहरानुसार बदलतो, पण तासाला ८० रुपये धरले तर दहा जण, तीन तास म्हणजे २४०० रुपये. तेरा राउंड जिंकायच्या मॅचला पाऊण तास सहज जातो, त्यामुळे तीन नकाशांची मालिका तीन तासांत जेमतेम बसते. दहाच्या दहा पीसी एकत्र हवे असतील तर आदल्या दिवशी फोन करून ठेवा. पाच-दहा मिनिटं जास्त गेली तर पूर्ण तास लावतात का, हेही तेव्हाच विचारा. घरी खेळणाऱ्यांसाठी एक सूचना: विंडोज ११ असेल तर व्हॅलोरंटला सिक्युअर बूट आणि टीपीएम २.० चालू असावं लागतं. ते बायॉसमधून चालू करायला पैसे पडत नाहीत. कुणी 'सेटिंग करून देतो, ५०० द्या' म्हणाला तर हात जोडा.

मोबाइलवाल्यांचं गणित निराळं. बीजीएमआयमध्ये रूम उघडायला रूम कार्ड लागतं. क्लॅन, इव्हेंट किंवा रॉयल पास यांतून ते मिळू शकतं. नाहीतर यूसी, म्हणजे गेममधलं चलन, खर्चून घ्यायचं. फ्री फायर मॅक्समध्येही रूम कार्डाचीच पद्धत आहे, तिथे चलन डायमंडचं. यूसीचे पॅक ठरलेल्या आकारांतच मिळतात. त्यामुळे कार्डाच्या किमतीइतकेच यूसी बहुधा घेता येत नाहीत. थोडे उरतात आणि तेच पुढची खरेदी करायला लावतात. म्हणून आधी कार्डाची किंमत बघा, मग पॅक निवडा. कार्ड किती वेळा चालणार किंवा किती दिवसांचं आहे, तेही वाचा. खर्च फक्त रूम उघडणाऱ्याला पडतो. चार-चारचे पंचवीस संघ आत घेतले आणि वर्गणी काढली, तर माणशी खर्च नगण्य होतो.

यूसीचा साठा मात्र करून ठेवू नका. पबजी मोबाइलवर सप्टेंबर २०२० मध्ये बंदी आली, त्याच्या जागी जुलै २०२१ मध्ये बीजीएमआय आला, जुलै २०२२ मध्ये तोही स्टोअरवरून हटला आणि मे २०२३ मध्ये परतला. मधल्या काळात नवा फोन घेणाऱ्याला गेम स्टोअरवरून उतरवताच येईना. परतला तेव्हा अठराखालच्यांना दिवसाला तीन तास आणि इतरांना सहा तास अशी मर्यादा होती, शिवाय मुलांसाठी पालकांची संमतीही लागत होती. सोसायटीतल्या शाळकरी पोरांची स्पर्धा असेल तर आज मर्यादा काय आहे ते प्रत्येकाच्या फोनवर आधी तपासा. अंतिम मॅचच्या मध्यावर चार जण बाहेर फेकले गेले तर वेळापत्रक कोलमडतं.

पैशांपेक्षा मोबाइलच्या रूममध्ये शिस्त महाग पडते. स्लॉट लिस्ट आदल्या रात्री लावायची, रूमचा आयडी-पासवर्ड (आयडी-पास) मॅचच्या दहा-पंधरा मिनिटं आधीच द्यायचा आणि तो फक्त संघाच्या कप्तानाला. मोठ्या ग्रुपवर टाकला की अनोळखी लोक स्लॉट अडवून बसतात आणि त्यांना एकेक करून काढण्यात निम्मा वेळ जातो. गुण मोजायला ॲप विकत घेऊ नका, साधी शीट पुरते. व्यावसायिक स्पर्धांतली पद्धतच वापरा: पहिल्याला १०, मग ६, ५, ४, ३, २, १, १ आणि प्रत्येक किलला एक. दर मॅचच्या निकालाचा स्क्रीनशॉट तेवढा न चुकता काढा.

आता काउंटर-स्ट्राइक २. सप्टेंबर २०२३ मध्ये आलेला हा गेम फुकट उतरवता येतो. प्राइम दर्जाला पैसे लागतात, पण मित्रांच्या मॅचला त्याची गरज नाही. आपल्याच पीसीवर मॅच लावून स्टीमवरच्या मित्रांना बोलावता येतं. अडचण एवढीच की यजमानाचा पिंग जवळपास शून्य, बाकीच्यांचा तीस-चाळीस. मजेपुरतं ठीक आहे, बक्षीस लावलं की भांडण. मग स्वतंत्र सर्व्हर हवा. तो घरून चालवायचा म्हटलं तर भारतात बहुतेक घरगुती जोडण्यांना स्वतःचा सार्वजनिक आयपी मिळत नाही, एकच पत्ता अनेक ग्राहकांत वाटलेला असतो. राउटरवर २७०१५ हा पोर्ट कितीही उघडा, बाहेरचा माणूस आत पोचत नाही. कंपनीकडून स्टॅटिक आयपी घेता येतो, त्याचे दरमहा वेगळे पैसे. महिन्यात दोनदा खेळणाऱ्यांनी या फंदात पडूच नये, असं माझं स्पष्ट मत आहे.

त्यांना क्लाउड परवडतो. ॲमेझॉन आणि गूगल यांची केंद्रं मुंबईत आहेत, मायक्रोसॉफ्टचं पुण्यात, त्यामुळे महाराष्ट्रातल्या खेळाडूंना पिंग चांगला मिळतो. दोन कोर, चार जीबी रॅम असलेलं मशीन तासाला आठ-दहा रुपयांच्या घरात पडतं. तीन तासांची संध्याकाळ तीस रुपयांत. पण तेच मशीन बंद करायचं राहिलं तर महिन्याचे ७२० तास होतात आणि नऊच्या दराने बिल ६४८० रुपये! मशीन थांबवलं तरी डिस्कचं भाडं चालूच राहतं. गेमच्या फायलींसाठी साठ-सत्तर जीबी लागतात, त्याचे महिन्याला पाचएकशे रुपये. आयपी राखून ठेवला तर ॲमेझॉनवर त्याचेही तासाला अर्धा सेंट, म्हणजे महिन्याला तीनेकशे. यावर १८ टक्के जीएसटी धरा. बिल डॉलरमध्ये आलं तर कार्डाचं परकीय चलन शुल्क वेगळं. बिल ठरावीक रकमेपुढे गेलं की ईमेल यावी, अशी सूचना पहिल्याच दिवशी लावून घ्या. सर्व्हर उघडा ठेवायला स्टीमचं फुकट टोकन लागतं, पण ज्या खात्यावरून कधी पाच डॉलरचीही खरेदी झालेली नाही त्याला ते मिळत नाही. खरेदी केलेल्या मित्राच्या खात्यावर काढा. नाइफ राउंड, रेडी आणि पॉज यांसाठी मॅचझी नावाचं प्लगइन फुकट मिळतं. हे सगळं नको असेल तर महिन्याच्या भाड्याने तयार सर्व्हर देणाऱ्या कंपन्या आहेत. दर माणशी आहे की एकरकमी, जीएसटी धरून आहे की नाही आणि सर्व्हर कोणत्या शहरात आहे, एवढं विचारून घ्या.

उरली प्रवेश फी. व्हॉट्सॲप आणि टेलिग्रामवर 'पेड कस्टम'चा धंदा जोरात चालत आला आहे: तीस-पन्नास रुपये भरा, प्रत्येक किलला पैसे मिळवा. ऑगस्ट २०२५ मध्ये राष्ट्रपतींची संमती मिळालेल्या ऑनलाइन गेमिंग कायद्यात, पैसे जिंकण्याच्या आशेने पैसे लावून खेळायचा ऑनलाइन खेळ बेकायदा ठरवला आहे; तो कौशल्याचा आहे ही सबब चालत नाही. असा खेळ चालवणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद, एक कोटीपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतं. ई-स्पोर्ट्सना सहभाग शुल्काची मुभा आहे, पण ती मान्यता आणि नोंदणी असलेल्या स्पर्धांना. सोसायटीच्या ग्रुपची तशी नोंदणी कुठून असणार? तेव्हा बक्षीस द्यायचंच तर मंडळाच्या किंवा प्रायोजकाच्या पैशातून चषक द्या, खेळाडूंकडून गोळा करून वाटू नका.

स्वस्तात यूसी देतो म्हणणाऱ्यांपासूनही दूर राहा. असे यूसी चोरीच्या कार्डावरून घेतलेले निघाले तर परत घेतले जातात आणि खातंही बंद होऊ शकतं. गूगल प्लेवर चुकून खरेदी झाली असेल तर ४८ तासांच्या आत परतावा मागा. आयडी-पास देतो सांगून पैसे घेऊन कुणी गायब झालाच तर सायबर फसवणुकीच्या तक्रारींसाठी असलेल्या १९३० या क्रमांकावर लगेच फोन करा; व्यवहाराचा यूटीआर क्रमांक आणि चॅटचे स्क्रीनशॉट हाताशी ठेवा. भाड्याचा सर्व्हर कबूल केल्याप्रमाणे मिळाला नाही तर तक्रार ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ वर, बिलासकट.