५० लाखांचं कर्ज, १ कोटीची परतफेड

प्रश्न : आम्ही नवरा-बायको दोघंही नोकरी करतो. मोशीला ६५ लाखांचा टू बीएचके बुक करायच्या बेतात आहोत, ताबा तीन वर्षांनी. बँक ५० लाख द्यायला तयार आहे : साडेआठ टक्के, २० वर्षं, हप्ता ४३,३९१ रुपये. परवा सहज त्या हप्त्याला २४० नं गुणलं आणि झोपच उडाली. सासरे म्हणतात, एवढं व्याज भरण्यापेक्षा भाड्यानं राहा. मेहुणा म्हणतो, मुदत ३० वर्षांची घ्या, हप्ता हलका होईल. हे घर आम्हाला खरं पडणार तरी कितीला?
– एक वाचक, पिंपरी-चिंचवड

उत्तर : तुमचा गुणाकार बरोबर आहे. २० वर्षांत १ कोटी ४ लाखांवर रक्कम बँकेकडे जाईल आणि त्यातले ५४ लाख निव्वळ व्याजाचे असतील. पण हे सगळे रुपये एकाच वजनाचे नाहीत. महागाई सरासरी ५ टक्के धरली, तर तुमच्या शेवटच्या हप्त्यातले ४३ हजार आजच्या १६ हजारांच्या तोलाचे असतील. सगळे २४० हप्ते आजच्या रुपयांत मोजले तर बेरीज ६६ लाखांच्या आसपास येते. तोवर तुमचे पगारही आजचे राहिलेले नसतील. सासऱ्यांना एवढं सांगा. ते गप्प बसतील असं नाही, पण एक कोटीचा आकडा थोडा मवाळ होईल.

मग काळजीचं काहीच नाही का? आहे, पण ते या गुणाकारात दिसत नाही.

बँकेकडून परतफेडीचं वेळापत्रक मागून घ्या आणि पहिली ओळ वाचा. ५० लाखांवर साडेआठ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज होतं ३५,४१७ रुपये. म्हणजे ४३,३९१ च्या पहिल्या हप्त्यातून मुद्दलात जमा होतात अवघे ७,९७४. दुसऱ्या महिन्यात त्यात पन्नास-साठ रुपयांची भर पडते, तिसऱ्यात आणखी तेवढीच. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता तुम्ही २६ लाख भरता आणि शिल्लक विचारली की बँक सांगते, ४४ लाख ६ हजार. अनेकांना इथे फसवल्यासारखं वाटतं. बँकेनं काही लबाडी केलेली नसते. उरलेल्या मुद्दलावर व्याज लावायचं, तर सुरुवातीला ते जास्तच निघणार. या कर्जात अर्धं मुद्दल फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात. सहा-सात वर्षांत घर विकून मोठं घ्यायचं असं ठरवणाऱ्यांनी ही शिल्लक आधी पाहावी, कारण विक्रीच्या पैशांतून पहिला वाटा बँकेचा जातो.

आता मेहुण्याकडे वळू. ३० वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ३८,४४६ होतो, म्हणजे महिन्याला ४,९४५ रुपये वाचतात. त्यासाठी एकूण परतफेड १ कोटी ३८ लाखांवर जाते. ३४ लाख जास्त! उलट मुदत १५ वर्षांवर आणली तर हप्ता ४९,२३७ आणि परतफेड साडेअठ्ठ्याऐंशी लाखांच्या आसपास. लोक दरातल्या पाव टक्क्यासाठी चार बँकांचे उंबरठे झिजवतात आणि मुदतीचा रकाना मात्र एजंट भरेल तसा सोडून देतात. ‘मुदत लांब घेतो, पण दरवर्षी जास्तीचे भरून लवकर फेडतो’ म्हणणारे पुष्कळ भेटतात. भरणारे कमी भेटतात.

याहून मोठी गोम बदलत्या दरात आहे. तुमचा साडेआठ टक्के हा आजचा दर आहे, २० वर्षांचा नव्हे. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना बदलत्या दराची नवी गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाला जोडावी लागतात. बहुतेकांनी रिझर्व्ह बँकेचा रेपो दर निवडला. रेपो वर गेला की तुमचा दर तीन महिन्यांच्या आत वर जातो आणि खाली आला की खाली. गृहवित्त कंपन्यांना मात्र हे बंधन नाही. त्यांचा दर त्यांच्याच पायाभूत दराला जोडलेला असतो, त्यामुळे कर्ज कोणाचं हे आधी बघा.

मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ मध्ये तो साडेसहा झाला. नऊ महिन्यांत अडीच टक्के. २०२२ च्या सुरुवातीला ज्यांनी पावणेसात टक्क्यांनी ५० लाख घेतले, त्यांचा हप्ता ३८,०१८ रुपये होता. वर्षभरानं शिल्लक राहिली साधारण ४९ लाख आणि दर झाला सव्वानऊ. आता ४९ लाखांवर सव्वानऊ टक्क्यांनी महिन्याचं व्याजच ३७,७७१ होतं. हप्ता तेवढाच ठेवला तर मुद्दलात पडणार महिन्याला २४७ रुपये. दर तिथंच राहिला असता तर त्या वेगानं हे कर्ज फिटायला पन्नास वर्षंसुद्धा कमी पडली असती.

आणि हप्ता पुष्कळांचा तेवढाच राहिला! कारण दर वाढला की हप्ता न वाढवता मुदत वाढवायची, ही बँकांची नेहमीची रीत होती. खात्यातून जाणारा आकडा बदलत नाही, म्हणून ग्राहक तक्रार करत नाही. वर्षभरानं सहज स्टेटमेंट उघडलं की वीसऐवजी सत्तावीस-अठ्ठावीस वर्षं शिल्लक दिसतात. निवृत्तीचं वय आडवं आलं तरच बँक हप्ता वाढवायचं बघते. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं यावर नियम केला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारायचं. बँकेच्या धोरणात असेल तर स्थिर दराकडे जाण्याचा पर्यायही मागता येतो. आणि हप्त्यातून महिन्याचं व्याजही न भागण्याइतकी मुदत ताणायची नाही. हा हक्क मागितल्याशिवाय हातात पडत नाही. दर बदलल्याचा एसएमएस आला की त्याच आठवड्यात शिल्लक मुदत विचारा आणि झेपत असेल तर हप्ता वाढवून घ्या. २०२५ मध्ये रेपो उतरला, तेव्हा हप्ता कमी करून न घेता मुदत कमी करून घेतलेले कर्जदार फायद्यात राहिले.

इथे जुन्या गिऱ्हाइकाचं एक रडगाणं ऐकायला मिळतं, आणि ते खरं आहे. बँक नव्या कर्जदाराला कमी दर देते आणि तुम्ही आपले जुन्याच दरानं भरत राहता. शिल्लक ४४ लाख, मुदत १५ वर्षं, दरात अर्धा टक्का फरक : एवढ्यानं सव्वादोन लाखांवर रक्कम जाते. बँकेला लेखी विचारा. सहसा काही हजार रुपये घेऊन दर बदलून देतात. नाहीच म्हणाले, तर दुसऱ्या बँकेचं ऑफर लेटर समोर ठेवा. सूर बदलतो.

आता हप्त्याबाहेरचा खर्च बघू. ६५ लाखांच्या घराला बँक ५० देते म्हणजे तुमचे १५, असा हिशेब मांडला असेल तर तो अपुरा आहे. पिंपरी-चिंचवडमध्ये मुद्रांक शुल्क ७ टक्के, म्हणजे ४ लाख ५५ हजार. नोंदणीचे ३० हजार. बांधकाम चालू असलेल्या घरावर ५ टक्के जीएसटी, सव्वातीन लाख. (भोगवटा पत्र मिळालेलं तयार घर घेतलं तर जीएसटी नाही.) ही ८ लाखांची रक्कम खिशातून काढावी लागते, कारण घराच्या किमतीच्या किती टक्के कर्ज द्यायचं हे ठरवताना बँका मुद्रांक आणि नोंदणी धरत नाहीत. हे पैसे मग पर्सनल लोन काढून भरले जातात आणि तिथला दर गृहकर्जाहून बराच चढा असतो. खरेदी फक्त पत्नीच्या नावानं करता येत असेल तर महाराष्ट्रात मुद्रांकात एक टक्का सवलत आहे. तुमच्या घरावर ६५ हजार वाचतील. त्यासाठी कर्जात आणि मालकीत कोण कोण हवं, हे बँकेशी आधीच बोलून घ्या.

ताबा तीन वर्षांनी म्हणता, तर प्री-ईएमआय समजून घ्या. बिल्डरला स्लॅबप्रमाणे पैसे जातात आणि तोवर दिलेल्या रकमेवर बँक फक्त व्याज घेते. तीन वर्षांत सरासरी २५ लाख उचलले गेले असं धरलं, तर व्याज होतं ६ लाख ३७ हजार आणि मुद्दल एका रुपयानंही कमी होत नाही. वर सध्याच्या घराचं भाडं चालूच. २० वर्षांचं घड्याळ त्यानंतर सुरू होतं. शक्य असेल तर पहिल्यापासून पूर्ण हप्ता लावून घ्या. पुष्कळ बँका ते करतात, फक्त फॉर्मवर तशी खूण तुम्हाला करावी लागते.

सँक्शन लेटरवर सह्या करताना आणखी एक कागद पुढे सरकवला जातो : कर्जाचा विमा, एकरकमी हप्ता. तो कर्जातच मिळवतात, त्यामुळे खिशाला लागत नाही. दीड लाखाचा विमा असा कर्जात गेला की २० वर्षांत त्याचे ३ लाख १२ हजार होतात. कर्ता माणूस गेला तर मागच्यांवर कर्ज पडू नये, हे बरोबरच. पण त्यासाठी बाहेरून साधा टर्म इन्शुरन्स घेता येतो आणि तो बहुधा स्वस्त पडतो. बँकेनंच सुचवलेल्या कंपनीचा विमा घ्या, ही सक्ती चालत नाही.

प्राप्तिकराच्या सवलतीवर फार विसंबू नका. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजाची वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते. तुमचं पहिल्या वर्षाचं व्याज ४ लाख २१ हजार आहे. नव्या प्रणालीत राहत्या घराला ही वजावटच नाही.

राहायला गेल्यावर सोसायटीचा मेंटेनन्स आणि घरपट्टी ही दोन देणी कर्ज फिटल्यावरही सुटत नाहीत. आदर्श उपविधींप्रमाणे बांधकाम खर्चाच्या वर्षाला किमान पाऊण टक्का दुरुस्ती निधी आणि पाव टक्का सिंकिंग फंड जमा करायचा असतो. नव्या सोसायट्या पहिली दहा वर्षं मेंटेनन्स कमी दाखवण्याच्या नादात हे टाळतात आणि गळती सुरू झाली की एकदम प्रत्येकी लाख-दीड लाख मागतात.

सासऱ्यांचं म्हणणं मी उडवून लावत नाही. समजा असाच फ्लॅट महिना १८ हजार भाड्यानं मिळतो. वर्षाचे २ लाख १६ हजार, म्हणजे किमतीच्या सव्वातीन टक्के. तुमचं कर्ज साडेआठनं आहे. नुसत्या आकड्यांवर पहिली काही वर्षं भाडेकरू जिंकतो, पण उरलेले पैसे तो दर महिन्याला खरोखर गुंतवत असेल तरच. भाडं वाढत जातं, हप्ता जवळपास तोच राहतो, शिवाय दर अकरा महिन्यांनी नवा करार आणि मुलांच्या शाळा बदलणं नको असतं. पाच वर्षांच्या आत बदली होण्याची शक्यता असेल तर भाड्यानंच राहा. दहा-पंधरा वर्षं तिथंच काढणार असाल तर घर घ्या.

घेतलंत, तर जास्तीचे पैसे लवकर भरा. पहिलं वर्ष संपताना १ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे ११ हप्ते उडतात. एका लाखानं पावणेचार लाखांवर व्याज वाचतं. तेच एक लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर जेमतेम साडेतीन हप्ते. दरवर्षी बोनसमधून एक हप्ता जादा भरत गेलात, तर कर्ज तीन वर्षं चार महिने आधी फिटतं आणि सव्वादहा लाख वाचतात. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड घ्यायला बँकांना २०१२ पासून बंदी आहे. भरताना ‘मुदत कमी करा’ असं लेखी द्या. नाहीतर काही बँका परस्पर हप्ता कमी करून मोकळ्या होतात.

प्रश्न : आमचं कर्ज मागच्या महिन्यात फिटलं. बँकेनं ‘नो ड्यूज’चं पत्र दिलं. आता आणखी काही करायचं असतं का?
– एक वाचक, नाशिक

उत्तर : असतं. मूळ करारनामा, इंडेक्स टू आणि आधीच्या व्यवहारांची साखळी यादीप्रमाणे मोजून परत घ्या. डिसेंबर २०२३ पासूनच्या नियमाप्रमाणे कर्ज फिटल्यावर ३० दिवसांत मूळ कागद परत द्यायचे असतात. बँकेच्या चुकीनं उशीर झाला तर दर दिवसाला ५ हजार रुपये भरपाई द्यावी लागते. ‘सेरसाई’ या केंद्रीय नोंदणीतून बोजा काढल्याची पावती मागा. सोसायटीनं बँकेच्या नावाची नोंद घेतली असेल तर पत्राची प्रत देऊन ती उतरवून घ्या. बंगला किंवा प्लॉट असेल आणि सातबाऱ्यावर ‘इतर हक्क’ रकान्यात बँकेचा बोजा असेल, तर तलाठ्याकडे अर्ज करून बोजा कमी केल्याचा फेरफार मंजूर झाल्यावर नवा उतारा काढून ठेवा. पुढे घर विकताना हीच नोंद आड येते आणि तोवर ती बँकेची शाखा दुसऱ्या शाखेत विलीन झालेली असते.