'जय भीम कॉम्रेड' : एका माहितीपटाचा अभ्यास

बदलापूर, अंबरनाथ, उल्हासनगरहून मुंबईला नोकरीस जाणारे आपण रोज मुलुंड आणि घाटकोपर ही स्टेशने मागे टाकतो. तेथील दोन वस्त्यांत घडलेल्या घटनांमधून आनंद पटवर्धन यांचा 'जय भीम कॉम्रेड' हा माहितीपट जन्माला आला. विद्यार्थी मित्रांनी तो का पाहावा, एवढेच येथे सांगावयाचे आहे.

११ जुलै १९९७ रोजी पहाटे घाटकोपरच्या माता रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झालेली दिसली. संतप्त लोक रस्त्यावर आले. राज्य राखीव पोलीस दलाच्या गोळीबारात १० जणांचा बळी गेला. जमाव गॅसचा टँकर पेटविणार होता, असे कारण पोलिसांकडून देण्यात आले. गुंडेवार आयोगाने मात्र हा गोळीबार असमर्थनीय ठरविला.

१५ जुलै रोजी मुलुंडच्या झोपडपट्टीत राहणारे शाहीर विलास घोगरे यांनी आपले जीवन संपविले. त्यांच्या कपाळाला निळे फडके बांधलेले होते. आयुष्यभर डाव्या चळवळीची गाणी गाणाऱ्या या शाहिराने जाताना निळा रंग का जवळ केला? या प्रश्नाचा शोध पटवर्धनांनी घेतला. घोगरे त्यांचे परिचित होते. १९८५ च्या 'हमारा शहर' या माहितीपटात ते गायले होते.

त्याच 'हमारा शहर'मध्ये झोपडी तुटलेली एक बाई छायाचित्रण करणाऱ्यांनाच फैलावर घेते. गरिबांची चित्रे काढून तुम्ही नाव कमावणार, आम्हाला काय मिळणार, असा तिचा रोख आहे. पटवर्धनांनी तो प्रसंग कापला नाही. आमच्या मते त्यांची खरी परीक्षा तेथेच झाली.

असे चित्रपट मुक्यांना वाचा देतात, असे म्हणण्याची पद्धत आहे. आम्हाला ते पटत नाही. रमाबाई नगर मुके कधीच नव्हते. तेथे शाहीर होते, गायिका होत्या, मुलगा गमावलेल्या आया होत्या. उणीव ऐकणाऱ्यांची होती. आम्ही बँकेत अंगठा उठविणाऱ्या खातेदाराची स्लिप भरतो, पण रक्कम त्याच्या तोंडून दोनदा ऐकल्याशिवाय लिहीत नाही. पटवर्धन तर १४ वर्षे ऐकत राहिले. या काळात खटला रेंगाळला. २००९ साली एका पोलीस अधिकाऱ्यास जन्मठेप झाली आणि पुढे उच्च न्यायालयातून जामीनही मिळाला. २०११ साली चित्रपट पूर्ण झाला. शीतल साठे व कबीर कला मंचाची तरुण मुलेही त्यात गाताना दिसतात.

पटवर्धन दलित समाजातले नाहीत, मग आपली कहाणी त्यांनी का सांगावी, असा आक्षेप आम्ही ऐकला आहे. आक्षेप रास्त आहे. त्याला उत्तर आपल्याच मुलांनी कॅमेरा हाती घेऊन द्यावे.

मूळ चित्रपट तीन तासांहून मोठा आहे, तेव्हा रविवारी सकाळी लावणे बरे. आणि आपल्या तिन्ही गावांत रात्र रात्र गायलेली म्हातारी मंडळी अजून आहेत. मोबाईल घेऊन त्यांच्याकडे जरूर जा, मात्र ध्वनिमुद्रण करण्यापूर्वी त्यांना विचारा, आणि झालेले गाणे आधी त्यांनाच ऐकवा.